प्रतिसाद: भाच्याला स्टंटमध्ये जायचंय

विद्यापीठात लांब उडी गाजवलेल्या तुमच्या भाच्याला 'मुंबईत स्टंटचं काम सहज मिळेल' असं वर बऱ्याच जणांनी म्हटलंय. मला हे पटत नाही. मैदानावर जास्तीत जास्त लांब जायचं असतं. सिनेमाच्या सेटवर ठरलेल्या खुणेवरच उतरायचं, आणि तेही प्रत्येक टेकला तसंच. शिवाय उंचावरून एअरबॅगवर, म्हणजे हवा भरलेल्या मोठ्या गादीवर, पडताना पाठ टेकवावी लागते. त्या दृष्टीने फॉसबरी पद्धतीचा, म्हणजे पाठ खाली करून आडवी काठी ओलांडणारा, उंच उडीवाला एक पाऊल पुढेच! नाशकात आहे तोवर त्याने मल्लखांब धरावा, पकड आणि हवेतलं भान दोन्ही येईल.

खेळाडू इथे यशस्वी होतातच, नाही असं नाही. अमेरिकेची किटी ओनील लहानपणीच बहिरी झालेली, मूळची डायव्हिंगपटू. आजारपणाने ऑलिम्पिकचं स्वप्न मोडलं, तेव्हा ती स्टंटकडे वळली. 1976 मध्ये तिने रॉकेटगाडी ताशी 800 किमीच्या वर पळवली होती!

मुंबईत गेल्यावर मात्र आधी स्टंटवाल्यांच्या संघटनेच्या सदस्यत्वाची चौकशी करा. आणि विमा कोण उतरवणार, हे मामाने स्वतः विचारावं. पोरं लाजतात.