लेक जिनिव्हा येथे मोटरबोट चालवण्याचे नियम

प्रश्न : येत्या उन्हाळ्यात शिकागोहून विस्कॉन्सिनमधील लेक जिनिव्हा या छोट्या शहरात सहकुटुंब जाऊन तेथील सरोवरात मोटरबोट चालवण्याचा आमचा विचार आहे. माझा जन्म १९९१ चा आहे. मला परवाना लागेल का?

उत्तर : वेगळा परवाना नसतो, मात्र १ जानेवारी १९८९ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्यांना मोटरबोट चालवण्यासाठी नौकासुरक्षेचा अभ्यासक्रम पूर्ण केल्याचे प्रमाणपत्र लागते, आणि तो अभ्यासक्रम ऑनलाइन करता येतो. आपण तो निघण्यापूर्वीच करावा.

दुसरे उत्तर : वरील माहितीत एक भर घालतो. बोटीत प्रत्येकासाठी मापाचे लाइफ जॅकेट असलेच पाहिजे, आणि लहान मुलांना तर ते काठावरच घालावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे. किनाऱ्यापासून १०० फुटांच्या आत लाटा उठणार नाहीत इतक्या मंद गतीनेच जावे लागते, कारण त्या लाटांनी काठ खचतो आणि पोहणाऱ्यांना धोका पोहोचतो. स्थानिक नियम बोट उतरवण्याच्या धक्क्यावर फलकावर लावलेले असतात. ते वाचल्याशिवाय पाण्यात उतरू नये.

प्रश्नकर्ता : मनःपूर्वक आभार. अभ्यासक्रमासाठी आजच नाव नोंदवतो.