२० मीटर पंखांचा उडणारा प्राणी: जगेल कसा?

निळावंत (धागाकर्ता)

मंडळी, एक कथा लिहितोय, त्यात एक प्राणी आहे, सध्या नाव 'आभाळ्या'. पंख पसरले की या टोकापासून त्या टोकापर्यंत २० मीटर, राहतो एका बेटावरच्या कड्यांवर आणि घोडे-बैल पायात धरून उचलून नेतो असं डोक्यात आहे. जादू अजिबात नकोय, वाचणाऱ्याला पटलं पाहिजे. म्हणजे खातो काय, पिल्लं कशी वाढतात, बेटावर किती मावतील वगैरे. हवा आणि गुरुत्वाकर्षण पृथ्वीसारखंच धरा. शिंगं, शेपटी, रंग सगळं काढून झालंय, पण मूळ प्रकार कुठे फसतोय का ते सांगा.

हाडमोज्या

शिंगं राहू देत रे, आधी हा जमिनीवरून उठतो कसा ते ठरव, बाकीचं आपोआप ठरत जातं.

खरा नमुना घ्यायचा तर क्वेट्झलकोअ‍ॅटलस घे. १९७१ मध्ये टेक्सासात त्याची हाडं सापडली, टेरोसॉर आहे तो, म्हणजे डायनासोरांच्या काळातला उडणारा, सरपटणाऱ्या वर्गातला प्राणी, पक्षीही नाही आणि डायनासोरही नाही. पंख साधारण १०-११ मीटर, वजनाचे आत्ताचे अंदाज २००-२५० किलोच्या आसपास, आणि उभा राहिला की जिराफाएवढा. आता तुझा आभाळ्या याच्या दुप्पट लांब. लांबी दुप्पट म्हणजे पंखांचं क्षेत्रफळ चौपट पण वजन आठपट, म्हणजे जवळपास २ टन! पंखाच्या प्रत्येक चौरस मीटरवर दुप्पट ओझं, त्यामुळे हवेत टिकायलाच साधारण १.४ पट वेग लागणार, आणि एवढा वेग उभ्याउभ्या कुठून आणायचा? २० चे ११-१२ कर, त्यापुढे मी तरी हात वर करतो.

उठायचं कसं, तर चारी पायांवर. पक्षी पायांनी उडी मारतो, पण मग ते पायांचे स्नायू हवेत गेल्यावर नुसतं ओझं. टेरोसॉर पंख दुमडून हातांवर चालायचे आणि बहुतेक हातांच्याच जोरावर उसळी घ्यायचे, म्हणजे उडायला आणि उठायला स्नायू तेच. रक्त पिणारं वटवाघूळ आजही जमिनीवरून असंच उठतं.

पिसारा_नको

+१. आणि अंगावर पिसं दाखवलीस तरी पंख पिसांचा नको, कातडीचा कर. पिसं झिजतात, ठराविक काळाने गळून नवी यावी लागतात आणि पक्षी जेवढा मोठा तेवढी पिसं लांब, पण पिसाची वाढ त्या मानाने वेग धरत नाही, म्हणजे फार मोठ्या पक्ष्याचं अर्धं आयुष्य पिसं बदलण्यातच जाईल. अर्जेंटाव्हिस आणि पेलागॉर्निस हे सगळ्यात मोठे उडणारे पक्षी ६-७ मीटरपाशी थांबले, त्याला हेही एक कारण असू शकतं.

पंख मारत हिंडवू नकोस हां त्याला. अँडीज पर्वतातल्या एका काँडोरने (मोठं गिधाड) ५ तासांहून जास्त वेळ, जवळपास १७२ किलोमीटर एकदाही पंख न मारता काढल्याची नोंद आहे. तुझ्या बेटावर कडे आहेत ते बरंय, कड्याला आपटून वर चढणारा वारा मिळेल. वारा पडला की मात्र बसून राहणार.

निळावंत

भारी माहिती, दोघांचे आभार. पण पोटात हलका गॅस भरला तर? म्हणजे हायड्रोजनच्या पिशव्या, मग २० मीटर ठेवता येतील ना? आणि जमलं तर तोंडातून जाळ पण 😀

हाडमोज्या

आलाच शेवटी ड्रॅगन! हिशोब कर, १ घनमीटर हायड्रोजन जेमतेम १.१ किलो उचलतो. २०० किलोला १८० घनमीटर, म्हणजे ७ मीटर व्यासाचा गोळा. तो प्राणी नाही, फुगा झाला, आणि वाऱ्याच्या पहिल्या झोतात कड्यावर आपटेल. जाळाचं तर बोलायलाच नको.

काठावरची

पिल्लांचं कोणीच बोललं नाही म्हणून लिहिते. दोन वाटा आहेत. एक अल्बाट्रॉस या मोठ्या समुद्रपक्ष्याची, एक अंडं, मोठे अल्बाट्रॉस तर दोन वर्षांतून एकदाच, आईबाप महिनोन् महिने भरवणार. दुसरी टेरोसॉरची, पिल्लू अंड्यातून बाहेर आल्यावर लवकरच स्वतः उडत असावं असं बऱ्याच अभ्यासकांना वाटतं. मला दुसरी आवडते, कारण मग लहान आभाळे किडे-सरडे खाणार, मधले मासे, मोठे अजून काही, म्हणजे एकच जात पण वयाप्रमाणे पूर्ण वेगळं जगणं. बेटावर शेकड्यांनी पिल्लं आणि पूर्ण वाढलेले हाताच्या बोटांवर मोजण्याइतके.

उचलून नेण्याचं मात्र काढून टाक. न्यूझीलंडचा हास्ट गरुड १०-१५ किलोचा होता आणि त्याच्या कितीतरी पट जड मोआ (न उडणारा मोठा पक्षी) मारायचा, पण तो मोआ काय उचलून नेत नसणार, तिथेच बसून खायचा.

निळावंत

मग माझ्या गावकऱ्यांना भीती कसली वाटणार? तेच तर कथेत आहे सगळं

काठावरची

अरे जास्त वाटेल! क्वेट्झलकोअ‍ॅटलसच्या कुळातले हे प्राणी करकोच्यासारखे जमिनीवर चालत शिकार करायचे असं मानतात, दात नाहीत, समोर येईल ते चोचीत धरून गिळायचं. आणि बेटच हवंय तर हाट्झेगॉप्टेरिक्स बघ, आजच्या रोमानियात तेव्हा एक बेट होतं तिथला, जाड आखूड मान, आणि त्या बेटावर मोठे मांसाहारी डायनासोर सापडलेले नाहीत, त्यामुळे सगळ्यात वरचा शिकारी बहुधा हाच. गावकऱ्यांना वर बघायची सवय लाव आणि याला वारा पडलेल्या दिवशी उंच गवतातून चालत आण. घोडा नाही गिळता येणार, शिंगरू जाईल. माणसाचं लहान मूल पण जाईल, ते ठेवायचं की नाही तुझं तू बघ.

पिसारा_नको

पावलं पण दाखव मग, हाताचे ठसे बाहेरच्या बाजूला आणि पायाचे आत. कोरियात टेरोसॉरचे असे मोठमोठे ठसे सापडलेत. पहिल्या प्रकरणात चिखलात नुसते तेवढेच दिसू दे, प्राणी नंतर.