१ मेच्या टेरेस कार्यक्रमाला दह्याची डीप घरीच करायची का?

ए-१०४: नमस्कार मंडळी, आपल्या सोसायटीच्या १ मेच्या संध्याकाळचं खाणं जवळजवळ ठरलंय. भजी, काकडी-गाजराचे तुकडे, उडदाचे पापड आणि वेफर्स. मुलांना सोबत ती पांढरी मसालेदार डीप हवीय. तयार बाटल्या बघून आले पण चाळीस जणांना पुरवायच्या म्हणजे बरेच पैसे जातात आणि बऱ्याचशा मेयोनीजच्याच असतात, दही नावालाच. घरी करायला कोणाला जमेल का?

सी-२०१: मी पण हेच विचारणार होते. रायतं करते ना मी तसंच करून देऊ का? फक्त जरा घट्ट.

बी-२०३: रायतं नको ग, भजी बुडवली की निथळत बसेल आणि ताटलीत सगळं पाणी पाणी होईल. डीप म्हणजे चक्काच समज, श्रीखंडाला करतो तोच, फक्त तेवढा कोरडा करायचा नाही आणि साखरेऐवजी मीठ-मसाला. आपल्या घरात हे वर्षानुवर्षं होतंय, पाडव्याला प्रत्येक घरात पंचा टांगलेला असतो, मग बाटली कशाला आणायची? मी करते, पण दही आणि फ्रीजमधली जागा वाटून घ्यावी लागेल, सगळं माझ्या एकटीच्या फ्रीजमध्ये मावणार नाही.

ए-१०४: काकू ग्रेट!! किती दूध लागेल? मी ऑर्डर टाकून ठेवते.

बी-२०३: माणशी दोन मोठे चमचे धरले तर साधारण दीड किलो डीप लागेल. दही टांगलं की पाणी निघून अर्ध्याच्या आसपास उरतं म्हणून दही तीन किलो, म्हणजे दूध तीन लिटर. फुल क्रीमच घे, पिशवीवर ६% फॅट आणि ९% एसएनएफ (म्हणजे फॅट सोडून दुधातला बाकीचा घन भाग) लिहिलेलं असतं बघ, टोन्डला फॅट ३% आणि एसएनएफ ८.५% असतं, त्याचं दही लागतं छान पण टांगल्यावर हाताला कमी येतं आणि चवीला जरा फिकं लागतं. म्हशीचं सुटं दूध मिळालं तर सगळ्यात उत्तम.

डी-४०२: काकू एवढं दही घरी लावण्यापेक्षा डबे आणले तर? आमच्याकडे मे महिन्यात दही नेहमी आंबट होतं.

बी-२०३: डबे आणले तरी चालतील, मात्र बिनसाखरेचं साधं दही बघून आण, फ्लेवरचं नको. पण आंबट होतं ते विरजण लागल्यावर बाहेर तसंच राहतं म्हणून. आपल्या ठाण्याच्या उकाड्यात चार-पाच तासात दही लागतं आणि आपण रात्री लावून सकाळी उठून बघतो, तोवर ते आंबटपणाकडे गेलेलं असतं. दूध उकळून कोमट होऊ दे, बोट बुडवून दहा आकडे मोजता येतील इतपत, ४० ते ४५ डिग्री म्हणतात ते हेच, लिटरला एक लहान चमचा गोड विरजण घालून नीट फेटून घे आणि संध्याकाळीच लाव, म्हणजे झोपायच्या आधी लागलेलं दही उचलून फ्रीजमध्ये टाकता येतं. आणि मधेमधे भांडं हलवून लागलंय का बघू नका कोणी, त्याने पाणी सुटतं.

ए-६०२ (म्युनिक): सोसायटीत नसले तरी ग्रुपवर आहे हं मी. इथे क्वार्क मिळतं ते थेट चक्क्यासारखंच, आम्ही पाडव्याला त्याचंच श्रीखंड करतो. आणि इथले लोक त्यात चाइव्ह, पार्सली, मीठ, मिरपूड घालून उकडलेल्या बटाट्याबरोबर खातात, अगदी साधं जेवण पण फार छान लागतं. तुम्ही पण काकडीच्या जोडीला छोटे उकडलेले बटाटे ठेवून बघा ना.

बी-२०३: अरे वा, बटाट्याचं सुचलंच नव्हतं. ठेवूया.

सी-५०४: जय जिनेंद्र सगळ्यांना. आमच्या घरचे पाच जण आहेत म्हणून आधीच सांगते, आम्ही कच्चं दही आणि द्विदल एकत्र खात नाही. हरभरा, मूग, उडीद, तूर सगळं द्विदलात येतं, म्हणजे बेसनाच्या भजीबरोबर किंवा उडदाच्या पापडाबरोबर डीप आम्हाला चालणार नाही. लसूण, कांदा, आलं, बटाटा पण नाही. बाकी काही अडचण नाही, आमची वाटी वेगळी असली तर बरं होईल.

ए-१०४: बरं झालं सांगितलंत, मला लसणाचं माहीत होतं पण भजीबरोबर दही चालत नाही हे माहीतच नव्हतं.

बी-२०३: अगदी करूया. गव्हाचा खाकरा, तांदळाचे पापड, केळ्याचे वेफर्स आणि काकडी हे एका टेबलावर तुमच्या वाटीशेजारी ठेवते, भजी दुसऱ्या टोकाला. आणि तुमची वाटी लसूण पडायच्या आधीच काढून ठेवते म्हणजे चमचा सुद्धा मिसळायला नको. त्यात पुदिना, भाजलेल्या जिऱ्याची पूड, मिरपूड, हिरवी मिरची आणि कैरीचा कीस, लसणाशिवाय पण ती तितकीच चटकदार होते बघा, कैरी असली की लिंबाची पण गरज नाही.

ए-३०१: काकू हिंग कुठला घालणार? माझ्या मुलाला ग्लूटेन चालत नाही. आपल्या डबीतल्या बांधणी हिंगात बऱ्याचदा गव्हाचं पीठ असतं, डबीवर लिहिलेलं असतं.

बी-२०३: मग या वेळी हिंग नकोच, जिऱ्यावरच काम भागेल. त्याला खाकरा पण नको ना मग, तांदळाचे पापड वेगळ्या डब्यात ठेवते, खाकऱ्याचा चुरा त्यात नको जायला.

सी-२०१: आता कृती सांगा ना नीट, मी आणि डी-४०२ मदतीला येतोय.

बी-२०३: ऐका. पंचा किंवा मलमल नवीन असेल तर खळ जाईपर्यंत धुवा, मग नुसत्या गरम पाण्यातून काढा, साबणाचा वास राहिला तर दही तो सगळा ओढून घेतं. मोठ्या पातेल्यावर चाळणी, चाळणीत ओला करून पिळलेला पंचा, त्यात थंड दही, वरून पंच्याची टोकं दुमडून झाकण, आणि हे सगळं फ्रीजमध्ये. खिडकीला टांगू नका, मे महिना आहे, बाहेर तासन्‌तास राहिलं की पाणी निघता निघता आंबतही जातं. फ्रीजमध्ये निथळायला वेळ जास्त लागतो म्हणून ३० तारखेला रात्री ठेवायचं आणि १ ला सकाळी काढायचं. चमच्यावर घेतलं आणि चमचा उलटा केला की सावकाश सुटून पडलं पाहिजे, चिकटून बसलं तर जास्त कोरडं झालंय, मग खाली जमलेलं पाणीच दोन चमचे परत मिसळायचं, साधं पाणी नाही.

आणि ते पाणी कोणी ओतून देऊ नका!! मला वाईट वाटतं ते बघून. कणिक मळायला घ्या, पोळ्या मऊ होतात, नाहीतर ताकाऐवजी कढीत घाला.

डी-४०२: मी मिक्सर घेऊन येऊ का? दीड किलो हाताने कुठे फेटणार.

बी-२०३: मिक्सर अजिबात नको. पात्याने दह्याची घडण मोडते आणि रात्रभर निथळून घट्ट केलेलं दही दोन मिनिटात पातळ होऊन बसतं. हाताची रवी पण जोरात नको, मोठ्या चमच्याने किंवा व्हिस्कने एका दिशेने हलकं फिरवायचं, गुठळ्या गेल्या की थांबायचं. तीन जणी आहोत, अर्धा-अर्धा किलो वाटून घेऊ, पाच मिनिटांचं काम आहे.

मसाला अर्ध्या किलोला सांगते. जिरं कोरडंच मंद आचेवर भाजायचं, रंग गडद झाला आणि वास सुटला की लगेच ताटलीत काढायचं कारण गरम कढईत ते पुढे जळत राहतं, मग खलबत्त्यात भरड कुटायचं, एक चमचा भरून. मिरपूड अर्धा चमचा. हिरवी मिरची एक-दोन, बी काढून अगदी बारीक. पुदिना एक मूठ, सुरीनेच चिरायचा, वाटून घातला की थोड्या वेळाने काळपट दिसायला लागतो. कैरीचा कीस दोन चमचे, पिळून. साखर चिमूटभर. लसूण तीन-चार पाकळ्या, पण कच्चा नाही, सालासकट तव्यावर टाकून मऊ होईपर्यंत भाजायचा आणि मग ठेचायचा. कच्चा ठेचलेला लसूण दह्यात दोन तास राहिला की इतका उग्र होतो की बाकी कशाची चवच लागत नाही, आणि आपला कार्यक्रम सहाला सुरू होऊन नऊपर्यंत चालतो.

सी-२०१: आणि मीठ किती?

बी-२०३: मीठ पाऊण चमचा, त्यातला थोडा भाग पादेलोण घेतलं तर मस्त, पण हे सगळ्यात शेवटी, टेबल मांडताना. दुपारीच घालून ठेवलं तर दह्याला पुन्हा पाणी सुटतं आणि कडेने तळं साचतं. काकडी किसून घालायची असेल तर तिच्यातल्या बिया काढा, तिला वेगळं मीठ लावा, दहा मिनिटांनी घट्ट पिळा, आणि मग डीपमधलं मीठ कमी करा. सगळी गंमत घट्टपणात आहे ग, मसाला थोडा इकडे तिकडे झाला तर कोणी काही म्हणत नाही, पण पातळ झाली की मुलं हात लावत नाहीत.

बी-७०१: वरून फोडणी देता का? आमच्या आई मोहरी, कढीपत्ता आणि सुकी मिरची घालायच्या.

बी-२०३: द्यायची की काका, अर्ध्या वाट्यांना फोडणीची देऊ. पण फोडणी पूर्ण गार करून ओतायची, कडकडीत ओतून ढवळली की तिथल्या तिथे दही फुटून दाणेदार दिसतं. आणि ती पण वाढताना.

बी-७०१: ठीक, फोडणी मी करून आणतो, तेल-मोहरी माझ्याकडे. बर्फ पण आणू का? टेरेसवर सहा वाजता फरशी तापलेलीच असते.

बी-२०३: हो प्लीज, बर्फ हवाच. परातीत बर्फ, त्यावर डीपचं भांडं. आणि सगळी डीप एकदम वर न्यायची नाही, थोडी थोडी न्यायची, बाकी ए-१०४ च्या फ्रीजमध्ये, तिचं घर लिफ्टजवळ आहे. उकाड्यात एका वेळची वाटी तासाभरापेक्षा जास्त बाहेर नको, उरली तर परत मोठ्या भांड्यात ओतायची नाही.

ए-१०४: चालेल, वरचा कप्पा रिकामा करते. दूध ३० ला सकाळी येईल, तर संध्याकाळी विरजण आणि रात्री टांगायचं, वेळेत बसेल ना?

बी-२०३: नाही बसणार, गरम दही टांगायला लागेल. दूध २९ लाच मागव. २९ ला संध्याकाळी विरजण, रात्री फ्रीज, ३० ला दिवसभर गार होऊ दे आणि रात्री चाळणीत. एक एक लिटर तीन घरात लावू, तू, मी आणि सी-२०१. विरजण माझ्याकडून घेऊन जा, परवाचंच आहे, गोड आहे.

सी-२०१: मी सात वाजता येते वाटी घेऊन.

ई-१०२: लहान मुलांना मिरची लागेल ना काकू, माझी तीन वर्षांची आहे.

बी-२०३: मिरची आणि मिरपूड घालायच्या आधी एक वाटी बाजूला काढते, त्यात नुसतं जिरं, चिमूटभर मीठ आणि साखर. गाजर तिला कच्चं देऊ नकोस हं, घशात अडकतं, थोडं वाफवून लांब पातळ काप करून आण.

ई-१०२: हो आणते. थँक्यू काकू.

ए-१०४: दूध २९ चं ऑर्डर केलं. सी-५०४, तांदळाचे पापड तुमच्याकडून चालतील का, की मी आणू?

सी-५०४: आमच्याकडून, घरचेच आहेत, पन्नास आणते. भाजून आणते, तळलेले नको.