प्रौढांसाठीच्या विडंबनात्मक गेममधली अवघड बटणे : विनोद की आळस?

वैनगंगाकाठी (हे टोपणनाव; वडसा परिसर, गडचिरोली)

प्रौढांसाठी काढलेल्या विडंबनात्मक गेमच्या बटणांविषयी कुणी तक्रार केली, की एक ठरलेले उत्तर मिळते : बटणे अवघड आहेत, हाच तर विनोद आहे. हे उत्तर फार थोड्या गेमना लागू पडते आणि बाकीच्या ठिकाणी विनोदाच्या नावाखाली कच्चे काम खपवले जाते, असे माझे स्पष्ट मत आहे.

ते जिथे लागू पडते, ती उदाहरणे आधी घेतो. २००८ सालच्या बेनेट फॉडी यांच्या 'क्वॉप'मध्ये धावपटूच्या मांड्या दोन कळांवर आणि पोटऱ्या दुसऱ्या दोन कळांवर चालतात, त्यामुळे शंभर मीटरची शर्यत पहिल्या दोन पावलांतच आडवी होते. २०१३ च्या 'सर्जन सिम्युलेटर'मध्ये डाव्या हाताचे प्रत्येक बोट वेगळ्या कळेवर असते आणि पंजा माउसने हलवावा लागतो. हृदय बदलायला गेलेला डॉक्टर रुग्णाच्या छातीत स्वतःचे घड्याळ पाडून बसतो. येथे धांदरटपणा हाच विषय असल्यामुळे अवघड बटणांवाचून गेमच उरत नाही.

आता 'लीझर सूट लॅरी' घ्या. सिएरा कंपनीच्या १९८७ च्या या गेममध्ये बाणाची कळ एकदा दाबली की नायक लॅरी चालत सुटतो आणि त्याला थांबवायला तीच कळ पुन्हा दाबावी लागते. त्यात प्रत्येक कृती इंग्रजीत टंकून सांगायची, आणि आपण अक्षरे शोधत असताना गेम थांबत नाही. रस्त्यावर पाय पडला की गाडी येऊन लॅरीला चिरडते. (सुरुवातीला वय सिद्ध करण्यासाठी अमेरिकेतल्या जुन्या घडामोडींवर प्रश्न विचारले जातात. त्या परीक्षेत आमच्या गावातले सत्तरीचे आजोबासुद्धा अल्पवयीन ठरतील.) या गेमचा विनोद संवादांत आणि प्रसंगांत आहे, कळांशी होणाऱ्या झटापटीचा त्याच्याशी काही संबंध नाही.

'साउथ पार्क' या अमेरिकी कार्टून मालिकेवरच्या 'साउथ पार्क : द स्टिक ऑफ ट्रुथ' या २०१४ च्या गेमविषयीही माझे हेच म्हणणे आहे. त्यात पादण्याला जादूचा दर्जा दिलेला आहे आणि ती जादू शिकवणारे धडे इतके किचकट आहेत, की कीबोर्डवर खेळणारे कितीतरी जण त्याच धड्यात अडकून पडले. मी माझ्या आतेभावाला तिथे अडकलेले पाहिले आहे. पडद्यावरची सूचना तीच, कळा त्याच, आणि प्रत्येक वेळी पात्र पुन्हा तोच धडा पहिल्यापासून सांगणार. पहिल्यांदा तो खो-खो हसला. नंतर त्याने लॅपटॉप मिटला आणि पाणी द्यायला बांधीवर निघून गेला.

धान निघाले की आमच्याकडे झाडीपट्टीची नाटके रात्रभर रंगतात. त्यांतला विनोदी नट खुर्चीवरून कोसळतो तेव्हा त्या कोसळण्याची त्याने तालीम केलेली असते. पैसे मोजून आलेल्या प्रेक्षकाला मात्र कुणी खुर्चीवरून ढकलत नाही.

कपाशीचा राखणदार (दारव्हा, यवतमाळ)

भाऊ, आपण नाटकाचा दाखला दिलात, पण गेम खेळणारा प्रेक्षक नसतोच, तो नट असतो. त्यामुळे पडायचे त्यालाच आहे.

'स्टिक ऑफ ट्रुथ' हे नुसते मालिकेचे विडंबन नाही, तर तलवारी आणि जादू असलेल्या भूमिकाप्रधान (रोल-प्लेइंग) गेमचेही आहे. अशा गेममध्ये एखादा वृद्ध गुरू गंभीर चेहऱ्याने मंत्र शिकवतो आणि आपण मुकाट्याने बटणांची माळ पाठ करतो. तेच सोपस्कार एका हीन दर्जाच्या शारीरिक क्रियेसाठी करायला लावले, की मूळ प्रकारातला पोकळपणा उघडा पडतो. एकच बटण दाबून ते काम उरकले असते, तर विडंबन कशाचे झाले असते? धडा लांबला हे मान्य, परंतु लांबला म्हणूनच तो टोचतो.

लॅरीचेही तसेच आहे. चाळिशीकडे झुकलेला, पांढरा सूट घालून शहरभर स्वतःची शोभा करून घेणारा हा माणूस जर सफाईने चालू लागला, तर तो लॅरी राहणार नाही.

दुरुस्तीवाला (दर्यापूर, अमरावती)

दोघांनीही एक व्यावहारिक बाब सोडली आहे. स्वस्त कीबोर्डमध्ये कळांची आडव्या-उभ्या तारांची जाळी असते, आणि प्रत्येक कळेला स्वतंत्र डायोड (वीज एकाच दिशेने जाऊ देणारा भाग) दिलेला नसतो. त्यामुळे त्या जाळीत चौकोनाच्या तीन कोपऱ्यांवरच्या कळा एकदम दाबल्या गेल्या, तर चौथी कळ दाबली गेली आहे की नाही हे कीबोर्डला ओळखता येत नाही. ही गफलत टाळण्यासाठी तो पुढची कळ मोजतच नाही. म्हणजे 'सर्जन सिम्युलेटर'मध्ये चार-पाच कळा धरून ठेवलेल्या असताना जे बोट हलत नाही, ते विनोदासाठी हलत नाही की कीबोर्डमुळे, हे खेळणाऱ्याला कळायला मार्ग नाही. माझ्याकडे दुरुस्तीला येणाऱ्या बहुतेक लॅपटॉपवर, त्यातही जुन्या बाजारातून घेतलेल्यांवर, ही मर्यादा असतेच. कंट्रोलर (दोन्ही हातांत धरायचे गेमचे बटणयंत्र) गृहीत धरून रचलेला विनोद आमच्या भागात निम्मा पोहोचतो.

वैनगंगाकाठी

दुरुस्तीवाले भाऊ, हा मुद्दा माझ्याच पारड्यात पडतो, म्हणून आभार.

राखणदार भाऊ, लॅरीच्या चालण्याविषयीचे आपले म्हणणे टिकणारे नाही. बाणाची तीच कळ आणि टंकून द्यायच्या त्याच आज्ञा सिएराच्या १९८४ च्या 'किंग्ज क्वेस्ट'मध्येही होत्या, आणि तिथला नायक राजाच्या विश्वासातला सरदार आहे. सरदार आणि लॅरी एकाच पद्धतीने अडखळत असतील, तर ते अडखळणे व्यक्तिरेखेचे कसे? कंपनीकडे तयार यंत्रणा होती, तीच वापरली गेली. पुढे १९९१ मध्ये हाच गेम नव्याने काढताना त्यांनी टंकणे काढून माउसची चिन्हे दिली, आणि लॅरी काही कमी हास्यास्पद झाला नाही.

कपाशीचा राखणदार

चालण्यापुरते आपले म्हणणे मान्य. टंकण्याविषयी मात्र मान्य नाही.

मूळ गेमची चाचणी चालू असताना खेळणाऱ्यांनी टंकलेली जी वाक्ये गेमला समजली नाहीत, ती नोंदवून घेण्याची सोय गेम रचणारे अल लोव यांनी केली होती, आणि त्या नोंदी वाचून त्यांनी पुष्कळ वाक्यांना खास उत्तरे लिहिली. त्यामुळे खेळणाऱ्याने वैतागून काही अचकट-विचकट टंकले, तरी गेम त्याला फटकारून उत्तर देऊ शकत असे. १९९१ च्या आवृत्तीत आपण फक्त समोरच्या चिन्हांतून निवड करतो. तिथे लॅरी हास्यास्पद राहिला हे खरे, पण खेळणाऱ्याला गेमशी भांडता येत होते, ते बंद झाले. आपण ज्याला कळांशी झटापट म्हणता, त्यातच हे भांडण होते.