कॅनकूनहून चिचेन इत्सा + सेनोते, एका दिवसाची टूर: आई-बाबांना घेऊन झेपेल का?

मनीषनगरवाली

नमस्कार मंडळी. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात आम्ही नागपूरहून ह्यूस्टनला भावाकडे आणि तिथून सगळे मिळून कॅनकूनला जाणार आहोत. एकूण सहा जण: आई (६४), बाबा (६९), भाऊ, मी, नवरा आणि ११ वर्षांची मुलगी. त्यात एक दिवस चिचेन इत्साचे (मेक्सिकोतल्या माया लोकांच्या जुन्या शहराचे) अवशेष आणि सेनोतेतलं (चुनखडीचं छत कोसळून झालेल्या पाण्याच्या खड्ड्यातलं) पोहणं, अशी गाइडसकटची टूर घ्यायची आहे. पत्रकात लिहिलंय: सकाळी ७ ला हॉटेलवरून पिकअप, १२ तास, बुफे जेवण, वायादोलिद शहर. खाली बारीक अक्षरात 'कर वेगळे'.

अडचणी अशा. बाबांचे गुडघे जिना उतरताना कुरकुरतात. आईला अजिबात पोहता येत नाही, पण पाण्यात उतरायची हौस दांडगी. आई-बाबा दोघंही पक्के शाकाहारी, अंडंसुद्धा नाही. आणि भावाच्या एच-१बी या नोकरीच्या व्हिसाचा पासपोर्टवरचा शिक्का संपलाय, नवीन मुदतवाढीचा कागद आहे. आमच्या चौघांकडे आणि मुलीकडे अमेरिकेचा दहा वर्षांचा व्हिसा आहे. मोठ्या बसची टूर घ्यावी की वेगळी गाडी? सेनोते नवशिक्यांसाठी कितपत बरं?

झिरोमाइल

ताई, ते १२ तास कुठे जातात ते आधी पाहा. कॅनकून ते चिचेन इत्सा साधारण २०० किलोमीटर, टोलच्या रस्त्याने अडीच तास. पण मोठी बस सरळ जातच नाही. आधी हॉटेलं फिरून माणसं गोळा करते, त्यात तास-सव्वा तास. मग 'हस्तकला केंद्र' म्हणून एका दुकानाशी थांबते. तिथे चांदीच्या पट्टीवर माया लिपीत नाव कोरून देतो म्हणतात, टकिला चाखवतात आणि पाऊण तास खातात. अवशेषांपाशी पोचेपर्यंत ऊन डोक्यावर आणि फाटकावर पन्नास बसा. आत गाइड तासभर बोलतो, मग तुम्हाला अर्धा-पाऊण तास मोकळा. ज्यासाठी आलो ते दोन तासांत गुंडाळलं जातं. सहा जण आहात तर ड्रायव्हरसकट व्हॅन घ्या आणि गाइड फाटकावर ओळखपत्र लावलेला घ्या. त्याचे पैसे डोक्यामागे नसतात, अख्ख्या गटाचे असतात, म्हणून सहा जणांना परवडतं. भाव आणि भाषा आत शिरायच्या आधी ठरवा.

आता घड्याळ. इथे बहुतेक जण फसतात. कॅनकून किंताना रो राज्यात, चिचेन इत्सा आणि वायादोलिद युकातान राज्यात, आणि दोन्हींच्या वेळेत बाराही महिने एका तासाचा फरक. कॅनकूनला ७ वाजतात तेव्हा चिचेनला ६. फाटक तिथल्या ८ ला उघडतं. म्हणजे कॅनकूनच्या ६:१५ ला निघालात तर वाटेत एकदा थांबूनही बरोबर फाटक उघडताना पोचता. बसा तिथल्या दहा-साडेदहानंतर यायला लागतात. तेवढे दोन तास पटांगण जवळपास तुमचं. जाताना मिळालेला तास येताना परत द्यावा लागतो, हे मात्र रात्रीच्या जेवणाची वेळ ठरवताना लक्षात असू द्या.

'कर वेगळे' म्हणजे मुख्यतः प्रवेशाचं तिकीट. चिचेनला दोन तिकिटं लागतात, एक केंद्राच्या पुरातत्त्व संस्थेचं आणि एक युकातान राज्याचं. राज्याचं जास्त महाग. दोन्ही मिळून परदेशी माणसाला २०२५ मध्ये ७०० पेसोंच्या आसपास पडत होते आणि दरवर्षी जानेवारीत भाव हलतो. स्वस्त टूर स्वस्त दिसते ती हे वगळून. बसमध्ये हेच पैसे डॉलरमध्ये मागतात तेव्हा दर त्यांचा असतो, म्हणून पेसो रोख ठेवा. रविवारी जाऊ नका. त्या दिवशी मेक्सिकोच्या नागरिकांना प्रवेश मोफत असतो, जत्रा भरते.

आत चालणं सगळं मिळून चार-पाच किलोमीटर, पण सपाट, त्यामुळे बाबांना तिथे त्रास नाही. कुकुलकान या माया देवाच्या पिरॅमिडवर चढायला बंदी आहे, तोही प्रश्न मिटला. चारही बाजूंना ९१-९१ पायऱ्या आणि वरचा एक ओटा, बेरीज ३६५. पिरॅमिडच्या पोटात आणखी जुने दोन पिरॅमिड आहेत. जिन्यासमोर थोडं लांब उभं राहून एक खणखणीत टाळी वाजवा. प्रतिध्वनी टाळीसारखा येत नाही, पाखराच्या चिवचिवाटासारखा खाली घसरत येतो. वरवरच्या पायऱ्यांवरून आवाज जास्त जास्त तिरका आणि उशिरा परततो, म्हणून सूर उतरतो. मुलगी तिथून हलणार नाही.

नंतर चेंडूचं मैदान (१६८ मीटर लांब, भिंतीत उंचावर दगडी कडी), कवट्यांचा ओटा, योद्ध्यांचं मंदिर. गट बहुधा इथूनच परततात आणि दक्षिणेकडचा 'काराकोल' राहून जातो. गोल बुरुजाची वेधशाळा आहे ती, आतला जिना गोगलगायीसारखा म्हणून हे नाव. तो सोडू नका. विक्रेत्यांचे शेकडो ठेले आहेत, जग्वारच्या डरकाळीची शिट्टी दिवसभर कानात घुमते. मुलीला एक घेऊन द्याल तर परतीचा प्रवास तुमचा तुम्ही बघा.

पाणकोंबडी

सेनोतेबद्दल. आधी क्रम: अवशेष सकाळी, पाणी नंतर. उलटं केलंत तर ओल्या कपड्यांनी आणि दमलेल्या पायांनी चार किलोमीटर चालावं लागतं. चिचेनच्या आवारातला जो 'पवित्र सेनोते' आहे तो फक्त पाहायचा. माया लोक त्यात नैवेद्य आणि माणसंही अर्पण करत. तिथे पोहणं नाही.

टूरवाले बहुधा इक किल दाखवतात, चिचेनपासून तीनेक किलोमीटर. तोंड ६० मीटर रुंद, पाणी जमिनीपासून २६ मीटर खाली, म्हणजे आठ मजले. पाण्याची खोली ४० मीटरच्या वर. खडकात कोरलेला जिना सतत ओला, वर येणारी-खाली जाणारी माणसं त्याच अरुंद वाटेत. बाबांनी उतरू नये. वरच्या कठड्यावरून तो सगळा दिसतो, लोंबणाऱ्या मुळ्या थेट पाण्यापर्यंत. दुसरा पर्याय वायादोलिदजवळ झित्नुपला: श्केकेन आणि सामुला, शेजारी शेजारी. त्या गुहा आहेत, छतातल्या एका भोकातून उजेड येतो. सुंदर, पण आत दमट आणि अंधारं. न पोहणाऱ्या माणसाला अंधाऱ्या पाण्याची धास्ती जास्त वाटते. आईसाठी उघडा सेनोते बरा. वायादोलिद शहरातच सासी आहे, अर्धा उघडा, अर्धा गुहेत.

आईंसाठी नेमकं:

लाइफ जॅकेट घ्याच. नुसतं घालून चालत नाही, मापाचं हवं. सगळी बकलं लावून झाल्यावर कोणीतरी खांद्याच्या पट्ट्या धरून जोरात वर ओढायच्या. जॅकेट कानापर्यंत सरकलं तर ते मोठं, बदलून घ्या. पाण्यात ते तेवढंच वर येणार आणि तोंड बुडणार. सैल कुर्ता जॅकेटखाली फुगतो आणि सुती कापड पाणी पिऊन जड होतं. लायक्राचा पूर्ण बाह्यांचा पोशाख घ्या, उन्हालाही तोच कामी येतो.

पाणी वर्षभर २४-२५ अंश. आकडा थंड वाटत नाही, पण उन्हातून एकदम शिरलं की छाती दडपते, श्वास अडकतो आणि न पोहणारा माणूस तिथेच घाबरतो. आधी पाय, मग मनगटं, मान, चेहरा ओला करा. उडी नाही. शिडीकडे तोंड करून पाठमोरं उतरायचं आणि आडवा बांधलेला दोर धरायचा. दोर धरून शांत मागे टेकलं की शरीर आपोआप तरंगतं. पाय मारायला लागलं की दम जातो. आणखी एक: हे गोडं पाणी. कॅनकूनच्या समुद्रात खारेपणामुळे जितकं अलगद तरंगता तितकं इथे तरंगत नाही. 'काल समुद्रात जमलं होतं' हा हिशेब इथे लावू नका. वीस मिनिटं पुरे. डिसेंबरात उत्तरेचा वारा सुटला की पाण्याबाहेर जास्त कुडकुडायला होतं. मोठा टॉवेल आणि कोरडे कपडे गाडीत नको, हाताशी ठेवा.

उतरण्याआधी शॉवर सक्तीचा. सनस्क्रीन, डासांची क्रीम, परफ्यूम सगळं धुवायचं, 'जैविक' लिहिलेलंसुद्धा. कारण चुनखडीच्या जमिनीत पाणी गाळून निघत नाही, भेगांतून सरळ पसरतं आणि तेच भूजल पुढे प्यायला वापरतात. आपल्याकडच्या बायकांच्या हे लक्षात येत नाही: केसाला लावलेलं खोबरेल तेलही त्यातच आलं. आदल्या रात्री चंपी नको. मंगळसूत्र, बांगड्या, अंगठ्या हॉटेलच्या तिजोरीत. थंड पाण्यात बोटं आकसतात, अंगठी सटकते आणि तळ ४० मीटर खाली. चष्म्याला दोरी. लॉकरलाही पेसो रोख लागतात.

पाटवडी_रस्सा

जेवणाचं सांगतो, कारण बुफेत 'व्हेजिटेरियन' पाटी असली तरी आई-बाबांना पुरत नाही. मक्याचा टॉर्टिया निर्धास्त खा. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून, सोलून, वाटून केलेली ती पातळ भाकरीच. मैद्याच्या टॉर्टियात चरबी असू शकते. घोटलेला राजमा, म्हणजे फ्रिहोलेस, हा खरा सापळा. दिसतो शुद्ध शाकाहारी, परततात बहुधा डुकराच्या चरबीत. भात कोंबडीच्या पाण्यात शिजवलेला असतो. तमाल (मक्याच्या पिठाचे वाफवलेले) तर चरबीशिवाय होतच नाही म्हणा ना. आणि पापाद्सुलेस नावाचा भोपळ्याच्या बियांच्या रश्श्यातला छान हिरवा पदार्थ दिसेल, त्यात आत उकडलेलं अंडं.

शब्द पाठ करा: 'सिन मांतेका' म्हणजे चरबी नको. 'मांतेकिया' म्हणजे लोणी. एका अक्षराच्या घोळात लोणी नाकारलं जातं आणि चरबी पानात येते. 'सिन कार्ने' (मांस नको) म्हटलं तर कोंबडी चालते असं समजतात, म्हणून पुढे 'सिन पोयो, सिन पेस्कादो, सिन उएवो' जोडा: कोंबडी, मासा, अंडं नको. कागदावर लिहून वाढप्याला दाखवा, उच्चाराचा प्रश्न मिटतो. ग्वाकामोले, काकडी-जिकामा (कुरकुरीत कंद) लिंबू लावून, चीजचा केसादिया एवढ्यावर दुपार निघते. खाकरा-चिवडा सीलबंद पाकिटात नेऊ शकता, संत्री मात्र नागपुरातच खा.

टेबलावरची नारिंगी-हिरवी चटणी हबानेरो मिरचीची. सावजी पचवणाऱ्यांनीही आधी टोकावर घ्यावी. भिवापुरीचा तिखटपणा तिच्यापुढे सौम्य आहे, आणि तिची आग जरा उशिरा लागते. तोवर दुसरा घास गेलेला असतो.

दगडमाती

मुलीला सांगण्यासारखं थोडं. युकातानचा उत्तर भाग म्हणजे चुनखडीचा सपाट पाट, वर नदी जवळपास नाहीच. पाऊस भेगांतून खाली जातो, दगड विरघळवत पोकळी करतो आणि एके दिवशी छत कोसळतं. तेच सेनोते. माया भाषेतल्या 'त्सोनोत' वरून स्पॅनिशांनी केलेला शब्द. वस्ती तिथेच वसली जिथे पाणी होतं. खुद्द कुकुलकानच्या पिरॅमिडखालीही अशी पाण्याची पोकळी असल्याचं २०१५ मध्ये संशोधकांनी दाखवलं.

मेरिदा शहराच्या बाजूला सेनोत्यांची एक अर्धवर्तुळाकार रांग आहे. ती ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या चिक्शुलूब उल्कापाताच्या विवराची कड, व्यास १८० किलोमीटरच्या आसपास. आपलं लोणार १.८ किलोमीटर, म्हणजे बरोबर शंभरपट. आणि सीताबर्डीच्या टेकडीचा काळा दगड ज्या लाव्ह्याचा, तो दख्खनचा लाव्हाही साधारण त्याच काळातला. डायनोसॉर कशाने गेले, त्यांच्या उल्केने की आपल्या लाव्ह्याने, हा वाद अजून चालू आहे.

अक्षांशही जवळपास एकच: नागपूर २१.१, चिचेन २०.७ उत्तर. डिसेंबरातलं दुपारचं ऊन घरच्याइतकंच तिरपं पडेल, पण हवा दमट. आपल्याकडे पावसाळ्यात कूलर जसा नुसता चिकचिक करतो तसं. घाम वाळत नाही, म्हणून तहान लागायच्या आधी पाणी प्यायचं.

मनीषनगरवाली

बाप्पा! एवढं कोणत्याच पत्रकात नव्हतं. व्हॅनचं नक्की. बाबा इक किलला वरच बसतील. भावाच्या व्हिसाचं कोणी सांगेल का?

झिरोमाइल

ते राहिलंच, आणि तेच सगळ्यात आधी सोडवा. अमेरिकेचा चालू व्हिसा पासपोर्टवर असेल तर भारतीयांना मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही, १८० दिवसांपर्यंत. तुमचं काम झालं. मुलीच्या पासपोर्टवर तिचा स्वतःचा व्हिसा हवा. भावाचं तसं नाही. मुदतवाढीच्या कागदावर तो अमेरिकेत राहू शकतो, पण मेक्सिको तो कागद व्हिसा म्हणून धरत नाही. ह्यूस्टनच्या विमानतळावर विमान कंपनीच त्याला थांबवेल. त्याने मेक्सिकोच्या वकिलातीतून वेगळा व्हिसा काढावा. भेटीच्या वेळा लवकर भरतात, तेव्हा आजच बघा. तो मिळेपर्यंत व्हॅनचे पैसे भरू नका, किंवा रद्द करता येईल असंच बुकिंग करा.

आणि ड्रायव्हर 'तीन वाजता गाडीशी या' म्हणाला तर कोणत्या राज्याचे तीन ते विचारा. फोन युकातानात शिरला की आपोआप तास मागे जातो, ड्रायव्हरचं मनगटी घड्याळ बहुधा कॅनकूनचंच असतं.