उदासीन कागद कंगव्याकडे का ओढला जातो?

वर असा प्रश्न आला आहे की, कागदाच्या कपट्यावरील निव्वळ प्रभार शून्य असेल, तर दोन प्रभारांमधील बल सांगणाऱ्या, कूलोमने १७८५ साली मांडलेल्या नियमानुसार त्यावरील बलही शून्यच यावयास हवे. मग केसांवर घासलेला कंगवा त्याला उचलतो कसा? त्यावर ‘प्रवर्तनामुळे’ (म्हणजे जवळच्या प्रभाराच्या प्रभावाने वस्तूतील प्रभार सरकल्यामुळे) एवढेच उत्तर दिले गेले. ते चूक नाही, पण अपुरे आहे. कंगवा ऋणप्रभारित असल्यास कपट्याच्या रेणूंतील इलेक्ट्रॉन किंचित दूर सरकतात, जवळच्या कडेला धन आणि पलीकडच्या कडेला तितकाच ऋण प्रभार दिसू लागतो, आणि जवळच्या कडेपाशी कंगव्याचे विद्युत क्षेत्र अधिक तीव्र असल्याने आकर्षण प्रतिकर्षणावर मात करते. खरी गोम क्षेत्राच्या या असमानतेत आहे. एकसमान क्षेत्रात हाच कपटा ध्रुवित होईल (त्याच्या दोन कडांना विरुद्ध प्रभार दिसतील), पण ओढला जाणार नाही. म्हणूनच बिंदुप्रभार आणि लहानसा उदासीन कण घेतला, तर अंतर दुप्पट होताच बल दोन बिंदुप्रभारांमधील बलाप्रमाणे ४ पटींनी नव्हे, ३२ पटींनी घटते.

आमच्या परभणीकडे एप्रिलच्या कोरड्या हवेत हा प्रयोग हमखास जमतो, कागदाऐवजी ज्वारीचा बारीक भुसा घेतला तरीही. (श्रावणात मात्र मुलांसमोर फजिती होते, कारण कंगव्यावरील ओलाव्याच्या थरातून प्रभार निसटून जातो.) प्रयोग करताना जवळून पाहावे: काही कपटे चिकटतात, क्षणभर थरथरतात आणि एकदम उडून पडतात, कारण स्पर्शाने त्यांनाही कंगव्याचाच ऋण प्रभार मिळालेला असतो.