कोर्ला पंडित : फसवणूक की नाइलाज?

पेटीवाला :
१९४९ साली लॉस एंजेलिसच्या केटीएलए वाहिनीवर एक माणूस हॅमंड ऑर्गन, म्हणजे विजेवर चालणारा ऑर्गन, वाजवू लागला. पंधरा मिनिटांचा कार्यक्रम. डोक्याला फेटा, फेट्यावर मधोमध रत्न, नजर थेट कॅमेऱ्यात, आणि शेकडो भागांत तोंडून शब्द नाही. नाव कोर्ला पंडित. जन्म दिल्लीचा, वडील ब्राह्मण, आई फ्रेंच गायिका, असं तो सांगायचा. १९९८ मध्ये तो गेला. २००१ मध्ये एका मासिकात खरं आलं : हा जॉन रोलंड रेड, मिसूरीतल्या कृष्णवर्णीय पाद्र्याचा मुलगा.

मला त्याचा राग येत नाही. त्या शहरात वादकांच्या संघटनासुद्धा गोऱ्यांची वेगळी, काळ्यांची वेगळी होती, १९५३ पर्यंत. १९४४ मध्ये गोऱ्या मुलीशी लग्न करायला त्याला मेक्सिकोत जावं लागलं, कारण कॅलिफोर्नियात तसं लग्न बेकायदा होतं.

सांजवेळ :
नाही पटत. पोटासाठी नाव बदलणं समजू शकते, पण याने आख्खा देश पांघरला. ‘कोर्ला’ हे आपल्याकडे कुणाचं नाव असतं का? लाखो घरांत भारत म्हणजे गूढ डोळ्यांचा मुका माणूस, हे याने पोहोचवलं. हेझेल स्कॉट बघा. कृष्णवर्णीय पियानोवादक, १९५० मध्ये स्वतःच्या नावाने, स्वतःच्या चेहऱ्याने टीव्हीवर उभी राहिली.

पेटीवाला :
आणि किती टिकली? जुलैत कार्यक्रम देशभर सुरू झाला, सप्टेंबरमध्ये ती कम्युनिस्ट असल्याच्या आरोपांना संसदीय समितीपुढे उत्तर देऊन आली, आणि आठवड्याभरात कार्यक्रम बंद. नॅट किंग कोलसारख्या लोकप्रिय गायकाला १९५६-५७ मध्ये देशव्यापी प्रायोजक मिळाला नाही. मग रेडने काय करायचं होतं?

सांजवेळ :
तरी स्कॉटचं नाव तिचंच राहिलं. रेडचं नाव त्याच्या मरणानंतर दुसऱ्यांना शोधावं लागलं. माझा राग त्यासाठी आहे.

काळी_चार :
जुनी चित्रफीत बघा. एक हात ऑर्गनवर, दुसरा पियानोवर, दोन्ही एकाच वेळी, आणि नजर एकदाही खाली पट्ट्यांकडे जात नाही. मी हार्मोनियम शिकवते. अशी बोटं बसायला वर्षं जातात. ती बोटं मिसूरीत तयार झाली होती. सांजवेळ, फसवणूक झालीच, पण आधी त्या बोटांची झाली.